एका फटक्याचा डॉजर

अहो, ऐकलंत का? जरा अशा इकडे या, कुंपणापाशी. मोठ्यानं बोलायची सोय नाही. आमचे हे आत पेपर वाचत बसलेत, आणि बेसबॉलचं नाव कानावर पडलं की लगेच बाहेर येऊन क्रिकेट सुरू करतील. तर त्या चकचं... चक कॉनर्सचं हो! ‘द रायफलमन’ या काउबॉय मालिकेतला नट. परवा कुणीतरी मला ठासून सांगत होतं, की त्यानं बास्केटबॉलमध्ये डंक मारून काच फोडली होती. मी म्हटलं, बाई, कशाला त्या गेलेल्या माणसाच्या नावावर नसतं खपवता? डंक नाही नि काही नाही!

काच फोडली हे खरं. तारीखसुद्धा सांगते, 5 नोव्हेंबर 1946. बॉस्टन सेल्टिक्सचा घरच्या मैदानावरचा पहिलावहिला सामना. आज सेल्टिक्स म्हणजे केवढं प्रस्थ, पण तेव्हा संघ नवा, लीग नवी, सगळाच नवा संसार. सामन्याआधी पोरं हात मोकळे करत होती. ह्या चकनं लांबून, पाय जमिनीवरून न उचलता, अगदी साधा चेंडू टाकला. तो रिंगच्या पुढच्या कडेला आदळला आणि खळ्ळकन सगळा बोर्ड खाली! दोष त्याचा नव्हता हो. रिंग आणि काच यांच्यामध्ये रबराचा तुकडा घालतात, तो कुणीतरी घालायचाच विसरला होता. पण फोडणाऱ्याचं नाव छापून आलं, विसरणाऱ्याचं कुठे येतं!

मालक वॉल्टर ब्राउन यांचा चेहरा कसा उतरला असेल, तुम्हीच बघा. तिकिटं काढून माणसं बसलेली, समोर नुसतं लोखंडाचं कडं. दुसरा बोर्ड होता, पण तो बॉस्टन गार्डन या दुसऱ्या क्रीडागृहात. आणि तिथे नेमका रोडिओ चाललेला! बैलांवर बसायचं, खाली पडायचं, परत बसायचं, ते. बोर्ड ठेवलेला बैलांच्या कोंडवाड्यामागे. प्रसिद्धीचं काम बघायचा तो हाउवी मॅकह्यू बिचारा धावत गेला, आणि ते बैल बघून म्हणे जागच्या जागी थबकला. शेवटी रोडिओतल्या काउबॉयनीच बोर्ड काढून दिला. तासभर खोळंबा झाला, आणि एवढं रामायण करून सेल्टिक्स सामना हरले ते हरलेच.

मला त्यातली गंमत कुठली वाटते सांगू? ज्या माणसाला पुढे जन्मभर काउबॉय म्हणून मिरवायचं होतं, त्याची अब्रू त्या रात्री खऱ्या काउबॉयनी वाचवली. तेव्हा त्याला कुठे ठाऊक होतं!

तर काय सांगत होते... हां, मूळचा ब्रुकलिनचा. 10 एप्रिल 1921 चा जन्म. नाव केव्हिन जोसेफ अलॉयसियस कॉनर्स, एवढं लांबलचक. आईवडील न्यूफाउंडलंडहून आलेले, आयरिश वंशाचे. वडील गोदी कामगार. मंदी आली आणि ते काम गेलं. पोरगा चर्चमध्ये वेदीपाशी सेवेला जायचा, तिथे मान खाली घालून उभा राहायचा, पण खरा देव त्याचा एकच. ब्रुकलिन डॉजर्स हा बेसबॉलचा संघ. आपण मोठं झाल्यावर डॉजर्सकडून पहिल्या बेसवर उभं राहायचं, बस्स. आणि ते केव्हिन नाव त्याला मुळीच आवडायचं नाही. खेळताना पहिल्या बेसवरून हा ओरडायचा, ‘चक इट टू मी, बेबी, चक इट टू मी!’ म्हणजे टाक की रे इकडे, टाक! मग पोरांनी त्याचं नावच चक करून टाकलं. झालं, कायमचं.

खेळावर शिष्यवृत्ती मिळाली, सीटन हॉल कॉलेजात गेला, पण दोन वर्षांत कॉलेज सोडलं. 1940 मध्ये डॉजर्सनी सही करून घेतली आणि पाठवलं कुठे, तर आर्कान्सातल्या खालच्या खालच्या लीगमध्ये. चार सामने खेळला नि परत. मग युद्ध आलं. हा भरती झाला आणि रणगाडे कसे चालवायचे ते शिकवायला लागला, आधी केंटकीत, मग वेस्ट पॉइंटला. लढाईवर नाही गेला, शिकवतच राहिला. आता साडेसहा फुटांच्या आसपासचा माणूस त्या रणगाड्यात मावायचा तरी कसा, देव जाणे.

युद्ध संपल्यावर बघा ह्याची धांदल. थंडीत बास्केटबॉल, उन्हाळ्यात बेसबॉल. रोचेस्टर रॉयल्समध्ये होता तेव्हा ते चॅम्पियन झाले. मग सेल्टिक्स. अमेरिकेत ह्या दोन्ही खेळांच्या सगळ्यात वरच्या लीगमध्ये खेळलेली माणसं जेमतेम बारा-तेरा, त्यांतला हा एक. पण खरं सांगू? आपल्या दोघींत राहू द्या हं. खेळाडू म्हणून तो मधलाच. सेल्टिक्सकडून त्रेपन्न सामने खेळला, पण गुण बघाल तर सामन्यामागे चार-साडेचार. फ्री थ्रो, म्हणजे समोर कुणी अडवायला नाही, निवांत उभं राहून टाकायचं, त्यातले निम्मेसुद्धा जायचे नाहीत. संघाला तो हवा असायचा तो त्याच्या तोंडासाठी! जेवणावळी असल्या, सत्कार असले, की चकला उभं करायचे. मग तो ‘केसी ॲट द बॅट’ म्हणून दाखवायचा, हातवाऱ्यांसकट. माहीत आहे ना ती कविता? केसी नावाचा मोठा बॅटर, सगळं गाव त्याच्याकडे डोळे लावून बसलेलं, आणि ऐन वेळी पठ्ठ्या बाद. लोक हसून हसून लोटपोट.

त्या केसीची गोष्ट ह्याच्याच नशिबी आली हो. सांगते.

तीन मोसम मॉन्ट्रियल रॉयल्सकडे, म्हणजे डॉजर्सच्या खालच्या बेसबॉल संघाकडे, खेळला. डॉजर्सच्या घराच्या पायरीवरच म्हणा ना. फटके उत्तम मारायचा. पण वर डॉजर्समध्ये पहिल्या बेसवर गिल हॉजेस ठाण मांडून बसलेला, तो काही उठेना. त्यातच 1949 च्या मोसमात हाक आली. 1 मे. फिलाडेल्फिया फिलीजविरुद्ध कार्ल फुरिलोच्या जागी बॅट घेऊन ह्याला पाठवलं. लहानपणापासून जे डोळ्यांसमोर नाचत होतं, ते पायाखाली आलं. ब्रुकलिनचा पोरगा, ब्रुकलिनचा शर्ट, समोर रस मायर चेंडू टाकतोय... आणि ह्यानं मारलेल्या त्या एका फटक्यावर दोन गडी बाद! एक स्वतः, आणि एक आधीच बेसवर असलेला. संपलं. डॉजर्सकडून पुन्हा कधी बॅट हातात घेतली नाही. एकच सामना, एकच फटका.

मी हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला इतकं वाईट वाटलं ना... जाऊ दे.

आणि त्यात तो डॉजर्सचा कारभारी ब्रँच रिकी! हो, जॅकी रॉबिन्सनला आणून काळ्या खेळाडूंसाठी दार उघडणारा तोच रिकी, तेवढं पुण्य त्याच्या पदरात आहे. पण पैशाला? मूठ झाकलेली. चक म्हणायचा, रिकीसाहेबांकडे खेळाडूही आहेत आणि पैसाही आहे, फक्त दोघांची गाठभेट झालेली त्यांना बघवत नाही. असं बोलून वर त्यांच्याकडूनच पगार मागायचा. धाडस बघा!

1950 च्या ऑक्टोबरात डॉजर्सनी त्याला शिकागो कब्जला देऊन टाकलं. कब्जनी काय केलं, तर धाडलं लॉस एंजेलिसला, त्यांच्या खालच्या संघाकडे, एंजल्सकडे. सगळ्यांना वाटलं, गेला हा. तो स्वतः तोंड पाडून गेला असेल की नाही, ते मी नाही सांगत, पण पुढचं ऐका. एंजल्सकडून अठ्ठ्याण्णव सामन्यांत बावीस होमरन! नुसते मारायचा नाही हो, होमरन मारला की बेसेसभोवती धावता धावता हात टेकून कोलांट्या. प्रेक्षक खूश. आणि प्रेक्षक कोण? लॉस एंजेलिस ना! सिनेमावाले, दिग्दर्शक, नट, कास्टिंगवाले, सगळे संध्याकाळी बेसबॉल बघायला. त्यांना हा लंबू दिसला, बडबडतोय, नकला करतोय, उड्या मारतोय. इकडे त्याच वर्षी कब्जनी वर बोलावलं तर सहासष्ट सामन्यांत होमरन दोन. म्हणजे खालच्या संघात हिरो आणि वरच्यात... असो.

एम.जी.एम.चा कास्टिंगवाला बेसबॉलवेडा. त्यानं ह्याला ‘पॅट अँड माइक’मध्ये एक छोटं काम दिलं. 1952 चा सिनेमा. समोर कोण, तर साक्षात स्पेन्सर ट्रेसी आणि कॅथरीन हेपबर्न! हा पोलिसांचा कॅप्टन. आता योगायोग बघा. त्या सिनेमात हेपबर्न झालीय गोल्फही खेळणारी, टेनिसही खेळणारी, सगळ्या खेळांत तरबेज बाई. आणि सेटवर खराखुरा दोन खेळांचा प्रोफेशनल उभा आहे, तर त्याला दिली पोलिसाची टोपी! पण आठवड्याच्या कामाचे पाचशे डॉलर हातावर पडले आणि ह्याचे डोळे उघडले. बेसबॉलनं सोडण्याआधी यानंच बेसबॉल सोडलं, ते बरं केलं. वय एकतीस-बत्तीस. त्या वयात खेळाडूचे गुडघे कुरकुरायला लागतात, नटाची मात्र सुरुवात असते.

नंतर काय, मिळेल ते. बर्ट लँकेस्टरबरोबर, जॉन वेनबरोबर. टीव्हीवरच्या सुपरमॅनच्या एका भागात तर ह्याचं आडनावच सुपरमॅन होतं, खेड्यातला भाबडा माणूस, आणि सगळे ह्याला खरा सुपरमॅन समजतात! 1957 मध्ये डिस्नेचा ‘ओल्ड येलर’ आला, त्यात कुत्र्याचा मूळ मालक हा. छोटंसंच काम, पण सिनेमातल्या पोराशी इतक्या मायेनं बोललाय की त्याच कामानं ह्याचं दैव उघडलं.

कसं ते ऐका. ‘द रायफलमन’ ठरत होती. निर्मात्यांनी ह्याला आधी विचारलं होतं, पैसे कमी म्हणून ह्यानं चक्क नाही म्हटलं. नाही! आयुष्यभर खालच्या लीगमध्ये घासलेला माणूस म्हणतो, परवडत नाही. मग निर्मात्यांनी आपली पोरं ‘ओल्ड येलर’ला नेली, आणि पडद्यावरचा तो लंबू बघून म्हटलं, हाच बाप पाहिजे. परत आले, पैसे वाढवून दिले, वर मालिकेत पाच टक्के भागीदारी. रिकीच्या शाळेत शिकलेला माणूस, मुकाट्यानं कसा सही करेल!

30 सप्टेंबर 1958 ला सुरू झाली ती 1963 पर्यंत चालली, 168 भाग. लुकस मॅकेन, बायको वारलेली, एकट्यानं पोराला वाढवतोय. पोरगा मार्क म्हणजे तो जॉनी क्रॉफर्ड, गोड चेहऱ्याचा. आणि ती विंचेस्टर रायफल! खाली मोठं गोल कडं, हातात गरगर फिरवायची. ट्रिगरच्या कड्यात एक स्क्रू बसवलेला होता. लिव्हर ओढली की तो स्क्रू आपोआप ट्रिगर दाबायचा, म्हणून धाड धाड धाड गोळ्या सुटायच्या. पण एक गोष्ट कुणी बोलत नाही, मीच बोलते. मालिकेची कथा 1880 च्या दशकातली आणि बंदूक 1892 च्या मॉडेलची! अजून तयारच न झालेल्या बंदुकीनं माणसं लोळवतोय. पण कुणाची हिंमत होती तोंडावर सांगायची?

डॉजर्सवाले खेळाडू मात्र यायचे मालिकेत. ड्यूक स्नायडर येऊन गेला, डॉन ड्रायस्डेल येऊन गेला. ज्यांच्या संघात ह्याला जागा नव्हती ते ह्याच्या मालिकेत पाहुणे! मनातून गुदगुल्या झाल्या असतील की नाही?

आता घरचं सांगते, हळू आवाजात. पहिलं लग्न 1948 चं, चार मुलगे. 1961 मध्ये काडीमोड. पडद्यावर आदर्श बाप, घरी मात्र... पण आपण कशाला बोलायचं. तर 1962 मध्ये ‘जेरोनिमो’ केला. अपाची लोकांचा तो मोठा सरदार, आणि सरदार कोण तर हा निळ्या डोळ्यांचा आयरिश! रंग फासून उभा. आणि त्याच्याबरोबर अपाची बाई कोण माहीत आहे? कमला देवी. अहो, आपली, भारतातली! अपाची नवरा ब्रुकलिनचा, अपाची बायको आपल्याकडची, आणि खऱ्या अपाचींनी बघत बसायचं. पुढच्या वर्षी दोघांनी खरोखरच लग्न केलं. दहा वर्षं टिकलं. तिसरी बायको ‘सॉयलेंट ग्रीन’ सिनेमाच्या वेळी भेटलेली फेथ, ते लग्न तर जेमतेम दोन-तीन वर्षं. पडद्यावर इतकी माणसं आटोपणाऱ्याला संसार काही आटोपला नाही.

तर काय सांगत होते, डॉजर्स! 1966 मध्ये त्यांचे दोन खेळाडू, सँडी कोफॅक्स आणि ड्रायस्डेल, अडून बसले. तीन वर्षांचे मिळून दहा लाख डॉलर द्या, नाहीतर खेळत नाही, सिनेमात जातो. डॉजर्सचा जनरल मॅनेजर बझी बव्हासी लालबुंद. शेवटी मध्ये कोण पडलं? चक! त्यानं दोन्हीकडच्यांना बोलायला बसवलं. आणि मिटलं. कोफॅक्सला सव्वा लाख मिळाले. डॉजर्सकडून एकच फटका मारलेला माणूस डॉजर्सचं भांडण सोडवतोय. बव्हासीच्या मनात आलं नसेल का, की ह्याला तेव्हा आणखी चार संधी दिल्या असत्या तर!

आणि तो रशियाचा किस्सा तर... थांबा, इकडे सरका. जून 1973. अमेरिकेचे अध्यक्ष निक्सन यांच्या सॅन क्लेमेंटीच्या घरी पार्टी. ब्रेझनेव्ह आलेले, सोव्हिएत युनियनचे सर्वेसर्वा, भुवया ह्या एवढ्या जाड. मोठमोठे लोक ओळीनं हात मिळवताहेत, आणि ब्रेझनेव्ह चकला बघून खुलले! ‘द रायफलमन’ त्यांच्या भलत्या आवडीची. चकनं त्यांना कोल्टची दोन पिस्तुलं दिली, कमरेचा पट्टा आणि काउबॉयची हॅट. निघायच्या दिवशी एल टोरोच्या विमानतळावर ब्रेझनेव्हना तो दिसला, आणि हे गृहस्थ, अख्ख्या जगाला धाक असलेले, धावत येऊन त्याच्या गळ्यात पडले! आणि चकनं त्यांना सरळ उचललं. पाय अधांतरी! बरोबरच्या रक्षकांची तोंडं काय झाली असतील? हसायचं की बंदूक काढायची? त्या डिसेंबरात चक रशियात जाऊनही आला.

नऊ वर्षांनी, 10 नोव्हेंबर 1982 ला, ब्रेझनेव्ह गेले. चकला अंत्यविधीला जायचं होतं. पण अमेरिकेच्या सरकारनं शिष्टमंडळात घेतलं नाही. नटाला कशाला, असंच ना? आणि व्हाइट हाउसमध्ये तेव्हा बसलेले कोण, रेगन! ते नट नव्हते का? चक तर रेगनच्याच पक्षाचा, त्यांच्या बाजूनं बोलणारा. तरी नाही.

आणखी एक सांगायचं राहिलं. 1977 मधली ‘रूट्स’ मालिका. आठ रात्री सगळी अमेरिका टीव्हीसमोर. चक त्यात टॉम मूर, गुलामांचा मालक, किझी नावाच्या गुलाम मुलीवर हात टाकणारा नीच माणूस. ज्या आयांनी पोरांना सांगितलं असेल, बाप असावा तर लुकस मॅकेनसारखा, त्यांनी टीव्ही बघताना पदर तोंडाला लावला असेल. एमीचं नामांकन मिळालं त्याला. मला विचाराल तर त्याचं सगळ्यात चांगलं काम तेच. स्वतःचं सगळं गोड नाव एका रात्रीत पणाला लावायला छाती लागते.

सिगारेट मात्र सुटली नाही. दिवसाला तीन पाकिटं! मध्ये सोडली, परत धरली. फुप्फुसाचा कॅन्सर, मग न्यूमोनिया. गेला तो 1992 साली, आणि तारीख? 10 नोव्हेंबर. ब्रेझनेव्हची तीच, बरोबर दहा वर्षांनी! अंगावर काटा आला की नाही?

सॅन फर्नांडो मिशनच्या दफनभूमीत आहे तो. दगडावर लुकस मॅकेनचा रायफलसकट फोटो, आणि त्याच्याबरोबर तीन संघांची चिन्हं. कब्जचं आहे, ठीक, सहासष्ट सामने खेळला. सेल्टिक्सचं आहे, त्यांची तर काच फोडलेली. आणि अहो, डॉजर्सचंसुद्धा आहे! एक फटका मारला, त्यात दोघांना घालवलं, आणि चिन्ह मात्र अगदी हक्कानं कोरलंय, जसा काही वीस वर्षं पहिल्या बेसवर हाच उभा होता... गिल हॉजेसला विचारलं होतं का कुणी?